भिंतीला हात लावण्याआधी

जुन्या इमारतींचं जास्त नुकसान पावसाने केलं की दुरुस्तीने, असं कुणी विचारलं तर मी दुरुस्तीने म्हणेन. वाईट हेतूने कुणी दुरुस्ती करत नाही. भिंत कशाची आहे ते न बघता करतात. ही टिपणं भिंतीला हात न लावता तिचं साहित्य ओळखण्याच्या एका पद्धतीविषयी आहेत.

*

माणसाच्या डोळ्यात रंग ओळखणाऱ्या पेशी तीन प्रकारच्या. त्यांच्या भरवशावर आपण साधारण ४०० ते ७०० नॅनोमीटरमधला प्रकाश बघतो. हायपरस्पेक्ट्रल कॅमेरा परावर्तित प्रकाश शेकडो अरुंद पट्ट्यांत विभागून मोजतो आणि डोळ्याच्या पलीकडे, अवरक्तातही जातो. सिलिकॉनचा सेन्सर १००० नॅनोमीटरपर्यंत पोचतो, इंडियम-गॅलियम-आर्सेनाइडचा साधा सेन्सर १७०० पर्यंत, मर्क्युरी-कॅडमियम-टेल्युराइडचा २५०० पर्यंत. जितकं पुढे जावं तितका कॅमेरा महाग, आणि चुना, माती, जिप्सम यांची पक्की ओळख नेमकी त्या महागड्या टोकाला पटते.

हाती येतं ते चित्र, पण त्यातल्या प्रत्येक बिंदूमागे एक आलेख असतो. आलेखात कुठे खड्डा पडला त्यावरून तिथे कोणतं खनिज आहे ते कळतं.

पाठ असावेत असे आकडे, नॅनोमीटरमध्ये: जिप्समचा खड्डा १७५० च्या आसपास. कळीचा चुना हवेत मुरून झालेला कॅल्साइट २३४० ला. चिकणमाती २२०० ला. पाणी १४०० आणि १९०० ला.

*

ही विद्या मूळची भूगर्भशास्त्राची. नासाच्या जेट प्रोपल्शन लॅबोरेटरीने ‘ॲव्हिरिस’ हे उपकरण १९८७ मध्ये विमानातून उडवलं. २२४ पट्टे, ४०० ते २५०० नॅनोमीटर. उघड्या डोंगरांवर कोणतं खनिज कुठे पसरलंय याचे नकाशे त्यातून निघू लागले. भिंत म्हणजे तरी काय, खनिजंच की. दगड, चुना, गेरू, माती. भूगर्भवाल्यांनी जमवलेले संदर्भ-आलेख आज चित्रांच्या आणि गिलाव्याच्या अभ्यासात तसेच्या तसे कामाला येतात. एका क्षेत्राने मन लावून केलेली मोजणी दुसऱ्याला अशी आयती मिळावी, याचं मला फार कौतुक वाटतं.

*

अजिंठा. काळा पाषाण, त्यावर तंतू आणि भुसा मिसळलेला मातीचा गिलावा, वर पांढऱ्याचा पातळ हात, त्यावर डिंक-सरसात कालवलेले रंग. ओल्या चुन्यावर रंगवण्याची ही पद्धत नव्हे, हे एस. परमशिवन यांनी १९३० च्या दशकात रासायनिक तपासण्या करून दाखवलं. रंग बहुतेक आसपासचेच: गेरू, पिवडी, काजळी, चुना आणि इतर पांढऱ्या माती. हिरवा रंगही याच दगडाच्या पोकळ्यांत सापडणाऱ्या सेलॅडोनाइटसारख्या हिरव्या मातीचा. परदेशी एकच, निळा. तो लाजवर्द, अफगाणिस्तानातल्या बदख्शानच्या खाणींतून आलेला असं मानलं जातं.

निळ्याचंच उदाहरण घेतो. लाजवर्द, नीळ आणि अझुराइट या तिन्ही निळ्यांत जुन्या, मळलेल्या भिंतीवर डोळ्याने फरक करणं कठीण. आलेखात तो स्वच्छ दिसतो. लाजवर्दाचा खड्डा ६०० च्या आसपास आणि ७०० नंतर रेघ झपाट्याने वर. नीळही ७०० नंतर वर जाते, पण तिचा खड्डा ६६० च्या जवळ. अझुराइट ७०० च्या पुढेही बराच वेळ खालीच राहतो. म्हणजे अवरक्तातल्या फोटोत पहिले दोन उजळ आणि तिसरा काळा. हे कळायला भिंतीचा कणभरही तुकडा काढावा लागत नाही. पाचव्या शतकातल्या चित्राचा कणभर तुकडा ही लहान गोष्ट नाही.

*

गेरू आणि पिवडी दोन्ही लोखंडाचीच रूपं. पिवडीतलं गोएथाइट २५० ते ३०० अंश सेल्सियसला तापलं की त्यातलं पाणी निघून जातं आणि त्याचं हेमटाइट होतं, म्हणजे पिवळं लाल होतं. व्हेसुव्हियसच्या उष्णतेने पॉम्पेईतल्या काही पिवळ्या भिंती अशाच लाल झाल्या. लेण्यांत, देवळांत, धर्मशाळांत माणसांनी चुली पेटवल्या, पणत्या लावल्या, शेकोट्या केल्या. तेव्हा तिथला लाल पट्टा चित्रकाराचा की आगीचा, हा प्रश्न प्रत्येक वेळी विचारायला हवा. हेमटाइटचा खड्डा ८६० ते ८८० च्या आसपास, गोएथाइटचा ९०० च्या पलीकडे. पिवळ्या भागाच्या कडेकडेने हेमटाइट वाढत जाताना नकाशात दिसलं, तर उष्णतेचा संशय घ्यायचा आणि मग रसायनतज्ज्ञाला बोलवायचं.

*

पुन्हा अजिंठा. एकोणिसाव्या शतकात नकला करणाऱ्यांनी रंग उठून दिसावेत म्हणून चित्रांवर वार्निश फासलं. १९२० ते १९२२ या काळात निजाम सरकारने लोरेन्झो चेक्कोनी आणि काउंट ओर्सिनी या इटालियन तज्ज्ञांना बोलावलं. सुटत चाललेला गिलावा त्यांनी भिंतीला धरवून ठेवला. त्या कामाचे उपकार मोठे आहेत, आणि हे मी नेहमी आधी सांगतो. पण त्यांनीही लाखेपासून केलेलं शेलॅक चित्रांवर लावलं. शेलॅक वयाबरोबर पिवळं-तपकिरी पडतं, धूळ आणि काजळी धरून ठेवतं, आकसतं आणि आकसताना खालचा रंग ओढतं. पुढच्या पिढ्यांनी अजिंठ्याचं म्हणून जे काळपट सोनेरी रूप मनात ठेवलं, त्यात या थराचा वाटा बराच आहे. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या रसायनतज्ज्ञांनी नंतर अनेक वर्षं हे थर बोटभर-बोटभर जागा घेत काढले.

इथे अतिनील प्रकाश कामाला येतो. जुनं शेलॅक त्यात नारिंगी चमकतं. चमक कुठे जाड, कुठे विरळ, कुठे नाही, याचा फोटो म्हणजे साफसफाईचा नकाशा. कुठे थांबायचं तेही तोच सांगतो. मला यातलं थांबणं जास्त महत्त्वाचं वाटतं.

*

रॉबर्ट गिल १८४४ पासून पुढे जवळजवळ वीस वर्षं अजिंठ्याच्या नकला करत होते. त्यांतल्या बहुतेक १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये जळाल्या. मग जॉन ग्रिफिथ्स यांनी जे. जे. स्कूल ऑफ आर्टच्या विद्यार्थ्यांसह १८७२ ते १८८५ खपून नव्याने नकला केल्या. त्यांतल्या शंभराहून अधिक १८८५ मध्ये साउथ केन्सिंग्टनच्या आगीत गेल्या. भिंतीवरचं मूळ त्या काळानंतर किती झिजलं हे सांगणारा तपशीलवार पुरावा दोनदा असा राख झाला. मोजणीच्या फायलींच्या प्रती एकाच इमारतीत ठेवणाऱ्यांनी एवढं लक्षात ठेवावं.

*

मुंबईच्या फोर्टमध्ये पोरबंदरी दगडाच्या कोरीवकामावर काळा कडक पापुद्रा दिसतो. तो नुसता मळ नव्हे. पोरबंदरी दगड हा चुनखडीचा. हवेतल्या गंधकाच्या वायूने त्याच्या कॅल्साइटचं जिप्सम होतं आणि वाढणाऱ्या जिप्समच्या स्फटिकांत काजळी अडकते. पाऊस थेट लागतो तिथे हे धुऊन जातं. छज्ज्याखाली, पानाफुलांच्या खोबणीत, चेहऱ्यांच्या हनुवटीखाली साचतं. म्हणजे ज्या जागा कारागिराने सर्वांत नाजूक केल्या, तिथेच.

खालचा दगड धड आहे की पीठ झालाय, हे वरून कळत नाही. वाळूचा फवारा मारला की पापुद्र्याबरोबर नाक-डोळेही जातात. पहिल्यांदा १७५० चा नकाशा काढा, जिप्सम कुठपर्यंत पसरलंय ते बघा, मग पद्धत ठरवा. यातली अडचणही लिहून ठेवतो: काजळी सगळाच प्रकाश गिळते. फार जाड काळ्या थरात खड्डे बुडून जातात आणि आलेख सपाट येतो.

*

एका वाड्यातली ओसरी. चुन्याच्या भिंतीवर वेलबुट्टी, मधे गणपती, दोन मोर. खाली ओल दिसते म्हणून कुणीतरी तीन फुटांपर्यंत सिमेंटचा गिलावा केलेला. सिमेंटचा भाग कोरडा ठाक दिसत होता, घरचे समाधानी होते. त्याच्या वर मात्र हातभर उंचीच्या पट्ट्यात रंगाचे पोपडे सुटलेले, मोरांचे पाय गेलेले.

चुन्यातून ओल बाहेर पडते. सिमेंट तिला अडवतं, मग ती वर चढते आणि पहिली मोकळी जागा मिळेल तिथून निघते, येताना क्षार घेऊन. अवरक्तात १९०० चा पट्टा लावला तेव्हा ओल सिमेंटच्या रेघेच्या वर आडवी पसरलेली होती. १७५० ला त्याच जागी जिप्सम. आणि मोराच्या पिसाऱ्यावर, जिथे डोळ्याला अजून काहीच बिघडलेलं दिसत नव्हतं, तिथे जिप्समची पुसट सुरुवात. ती बघितल्यावर घरचे पहिल्यांदा म्हणाले, हे सिमेंट काढायचं कधी? तोवर मी ओल, क्षार, चुना याविषयी जे काही बोललो होतो ते त्यांनी आदराने ऐकून सोडून दिलं होतं. रंगीत नकाशाने पटलं.

*

साधं मीठ या कॅमेऱ्याला दिसत नाही. सोडियम क्लोराइडला या पल्ल्यात स्वतःचा खड्डाच नाही. दिसलंच तर त्याने धरलेलं पाणी दिसतं. कोकणातल्या समुद्रकाठच्या किल्ल्यांचा आणि गोव्याच्या किनाऱ्यावरच्या चर्चचा सर्वांत मोठा शत्रू मीठ. तिथे नुसत्या या नकाशावर विसंबणं धोक्याचं आहे. गिलाव्याचा चिमूटभर चुरा पाण्यात घालून क्षार तपासण्याची जुनी पद्धत तिथे हवीच.

*

वेरूळच्या मातीच्या गिलाव्यात भांगेच्या झाडाचे तंतू आणि तुकडे असल्याचं राजदेव सिंग आणि एम. एम. सरदेसाई यांनी २०१६ मध्ये ‘करंट सायन्स’मध्ये मांडलं. तंतूंमुळे किडीला आळा बसला असावा, असं त्यांचं म्हणणं. हे कॅमेऱ्याने नाही कळलं. गळून पडलेल्या गिलाव्याचे नमुने, सूक्ष्मदर्शक आणि वनस्पती ओळखणारा माणूस, यांनी कळलं. कॅमेरा पृष्ठभाग बघतो. गिलाव्याच्या पोटात काय आहे त्यासाठी नमुना लागतो. कॅमेऱ्याने एवढंच होतं की शंभर ठिकाणी खरवडण्याऐवजी कुठल्या दोन-तीन जागा पुरेशा आहेत ते आधी ठरवता येतं. हा फायदा मला कमी वाटत नाही.

*

पार्थेनॉनची संगमरवरी शिल्पं पांढरीशुभ्रच होती असं दीर्घकाळ मानलं गेलं. इजिप्शियन निळा हा रंग दृश्य प्रकाश पडला की ९१० नॅनोमीटरच्या आसपास अवरक्तात चमकतो. जोव्हान्नी वेर्री यांनी याचा उपयोग करून ब्रिटिश म्युझियममधल्या पार्थेनॉनच्या आयरिस देवतेच्या शिल्पावर, तिच्या कमरपट्ट्यापाशी, हा निळा २००९ मध्ये दाखवला. डोळ्याला दिसत नाही इतका उरलेला रंग. तोवर तिथे घासून-पुसून शुभ्र करण्याचे प्रयोग १९३० च्या दशकात होऊन गेले होते.

*

जुन्या गोव्यातली बॉम जीझस बॅसिलिका. बाहेरचा चुन्याचा गिलावा १९५० च्या दशकात काढून टाकला आणि जांभा उघडा पडला. आज आपल्याला तिचं तेच रूप ओळखीचं. जांभा सच्छिद्र आणि लोखंडाने भरलेला. गोव्याच्या पावसात त्याला चुन्याचा अंगरखा लागतो, हे तिथल्या गवंड्यांना माहीत होतं.

*

कामाच्या वेळची एक गोष्ट. कॅमेऱ्याच्या शेजारी, भिंतीच्याच पातळीवर एक पांढरी टाइल ठेवतात. सगळ्या तरंगलांबींचा जवळजवळ पूर्ण प्रकाश परत देणाऱ्या टेफ्लॉनसारख्या पदार्थाची. भिंतीने किती प्रकाश परत दिला हे या टाइलच्या तुलनेत ठरतं. मग लेन्सवर झाकण लावून अंधाराचं मोजमाप. या दोन नोंदी नसतील तर फाईल म्हणजे फक्त सुंदर फोटो. हॅलोजनचे दिवे अवरक्तासाठी लागतात, आणि ते तापतात. चित्रावर दिवा थांबवून ठेवायचा नाही, ओळीमागून ओळ वाचत दिवा आणि कॅमेरा एकत्र सरकवायचे.

*

अंदाजपत्रकात परांची असते, मजुरी असते, वाहतूक असते, सिमेंटच्या गोण्या असतात. ‘कामाआधी साहित्याची ओळख’ अशी ओळ मला क्वचितच दिसली. ती हवी, आणि तिच्यात मोजणी दोनदा हवी: एकदा मे महिन्यात भिंत सर्वांत कोरडी असताना, एकदा पाऊस संपल्यावर. दोन नकाशांतला फरक म्हणजे पाण्याची वाट. कच्च्या फायली, टाइलच्या नोंदीसह, मालकाच्या हाती द्यायच्या आणि एक प्रत दुसऱ्या गावी.

*

नकाशा शेवटी वाचायचा असतो गवंड्याने. मोठ्या कागदावर छापून परांचीवर टांगतो. तो बोटाच्या पेराने भिंत ठोकत जातो आणि पोकळ आवाज आला की मला जागा दाखवतो. पुष्कळदा त्याची जागा आणि नकाशातला ओलीचा डाग शेजारी-शेजारी निघतात. निघत नाहीत तिथे दोघे मिळून पुन्हा बघतो. खुणा मात्र छापलेल्या कागदावर, पेन्सिलीने. भिंतीवर खडू लावू देत नाही. बाजारातला पांढरा खडू बऱ्याचदा जिप्समचा असतो आणि पुढच्या मोजणीत तो १७५० ला उमटतो.