सहा टिंबं

जाड कागद पाटीत अडकवून ताई स्टायलसने उजवीकडून डावीकडे टिंबं टोचत जायची. कागद उलटला की डावीकडून उजवीकडे वाचायची. मी तेव्हा शेजारी बसून बाराखडी गिरवत असे. ब्रेलमध्ये ऱ्हस्व वेलांटी व्यंजनाच्या नंतर येते, उच्चारात येते तशीच. आम्ही ती आधी काढतो हे ऐकून ताईला भारी नवल वाटलं होतं.

लुई ब्रेलचं नाव मला तिनेच सांगितलं. पॅरिसजवळच्या कूव्रे गावातल्या खोगीर बनवणाऱ्या कारागिराचा हा मुलगा. तीन वर्षांचा असताना बापाच्या दुकानातली आरी डोळ्यात गेली, आणि संसर्गाने दुसराही डोळा गेला.

पुढे ताईच्या परीक्षांसाठी लेखनिक शोधत वणवण करायची वेळ आली, तेव्हा लुईबद्दल मिळेल ते वाचू लागलो. पॅरिसच्या अंधशाळेत तो १८१९ साली गेला. तिथे पुस्तकं होती, पण उठावाच्या रोमन अक्षरांची. एकेका अक्षराची वळणं बोटाने चाचपत वाचायची, आणि स्वतःला मात्र एक ओळ लिहिता यायची नाही. डोळस माणसांनी डोळ्यांना शोभतील अशी पुस्तकं केली होती. शार्ल बार्बिए या लष्करी अधिकाऱ्याने टिंबांची लिपी आणली; कल्पना उत्तम, पण एका खुणेत बारापर्यंत टिंबं. ती बोटाच्या पेराखाली मावत नसत, शिवाय ती नुसते ध्वनी दाखवत, शुद्धलेखन नाही. लुईने पंधराव्या वर्षापर्यंत सहा टिंबांत सगळं बसवलं, कारण वाचणारं बोट त्याचं स्वतःचं होतं. तो ऑर्गन वाजवायचा, म्हणून स्वरलेखनही त्याच टिंबांत आणलं.

त्याच शाळेत पुढे या लिपीवर बंदी आली, हे वाचून आजही माझं डोकं तापतं. मुलं चोरून लिहीत राहिली. लुई १८५२ साली क्षयाने गेला. फ्रान्सने लिपीला अधिकृत मान्यता दिली ती त्यानंतर दोन वर्षांनी.

२००८ मध्ये मराठीत 'स्पर्शज्ञान' हे ब्रेल पाक्षिक निघालं. ताई ते हातात आलं की जेवण बाजूला ठेवायची. बातमी कुणाच्या तोंडून न ऐकता, आपल्या गतीने, हवी तिथे थांबून वाचायची चैन तिला तोवर फारशी मिळालीच नव्हती.

आता तिचा फोन बोलतो. बातम्या, बँकेचे निरोप, सगळं तो वाचून दाखवतो. तरी शेजारच्या एका मुलीला ती पाटीच शिकवते. मुलगी कुरकुरते, फोन आहे की! ताई बधत नाही. ऐकून ऱ्हस्व कुठे, दीर्घ कुठे, हे कळत नाही, म्हणते, आणि तिला तीच ओळ पुन्हा लिहायला लावते.