दोन गावांचा एक देव

सोलापूरहून हैदराबादकडे जाणारा महामार्ग धाराशिव जिल्ह्याच्या तुळजापूर तालुक्यात शिरतो, तेव्हा पौषातल्या दिवसांत दोहों बाजूंना शाळूची ताटे माणसाच्या उंचीला आलेली, तुरीच्या राशी लागलेल्या आणि काळ्या जमिनीवर मधूनमधून हरभऱ्याचे हिरवे तुकडे पसरलेले, असे एक शांत आणि काहीसे एकसुरी दृश्य प्रवाशाच्या सोबतीला असते. आणि त्या एकसुरीपणाचा डोळ्यांना सराव होतो न होतो तोच बोरी नदीच्या वळणावर काळ्या पाषाणाची अफाट तटबंदी समोर उभी ठाकते व आपण नळदुर्गास पोहोचलो हे कोणी न सांगता कळते. बहुतेक प्रवासी येथे येतात ते किल्ल्यासाठी आणि त्यातील पाणीमहालासाठी. मला मात्र येथून जवळच असलेले मैलारपूर आणि त्याच रस्त्यावर काही किलोमीटरांवर असलेले अणदूर ही ठिकाणे पाहावयाची होती. कारण खंडोबाच्या एकाच मूर्तीवर दोन गावांचा हक्क असावा, आणि त्या दोन गावांनी वर्षाचे महिने वाटून घेऊन तो हक्क गुण्यागोविंदाने भोगावा, ही गोष्ट ऐकल्यापासून मनात घर करून राहिली होती.

तरीही किल्ला टाळून पुढे जाणे शक्य नव्हते, आणि ते योग्यही झाले नसते. कारण या किल्ल्याचा सारा इतिहास हा एका वस्तूवर अनेकांनी सांगितलेल्या हक्काचा इतिहास आहे. लोक त्याचे नाव नळराजाशी जोडतात. इतिहासाला माहीत असलेला पहिला धनी चालुक्यांचा कोणी मांडलिक असावा. त्याच्यामागून बहामनी सुलतान आले, बहामनी राज्याची शकले झाल्यावर विजापूरच्या आदिलशहांनी तो घेतला, आणि पुढे कित्येक वर्षे अहमदनगरची निजामशाही व विजापूरची आदिलशाही यांची सैन्ये त्याच्या तटाखाली एकमेकांचे रक्त सांडीत राहिली. 1686 साली आदिलशाही बुडाली, मोगलांचा अंमल बसला, आणि मोगली सत्ता दक्षिणेत ढिली पडताच मुलूख हैदराबादच्या निजामाकडे गेला.

मुख्य किल्ला आणि पलीकडचे रणमंडळ यांना जोडणारा बांध बोरीच्या पात्रात घालून त्याच्या पोटात इब्राहिम आदिलशहा दुसरा याच्या कारकिर्दीत, 1613 च्या सुमारास, जो पाणीमहाल उभारला गेला, तो पाहिल्यावर युद्धासाठी बांधलेल्या वास्तूतही माणसाची सौंदर्यदृष्टी स्वस्थ बसत नाही याची साक्ष पटते. पावसाळ्यात नदी भरून आली म्हणजे बांधावरून नर आणि मादी या नावांचे दोन धबधबे कोसळतात व आत बसलेल्या माणसाच्या अंगावर थेंबही पडत नाही. मी गेलो तेव्हा धबधबे आटलेले होते. अरुंद जिन्याने उतरून महालाच्या कमानीत उभा राहिलो, दगडाचा गारवा तळव्यांना लागत होता, आणि समोर हिरवट, निश्चल पाणी उन्हात चमकत होते. उपळी बुरुजावर चढल्यावर तेथे पडून असलेल्या लांबच लांब तोफा आणि चहूकडचे सपाट शिवार एकाच दृष्टिक्षेपात येते, आणि या एवढ्या उंचीसाठी किती पिढ्या लढल्या असतील हा विचार आल्याखेरीज राहत नाही.

1853 च्या तहान्वये निजामाने हा टापू इंग्रजांच्या हवाली केला, तेव्हा मेडोज टेलर हा अधिकारी येथे कारभार पाहण्यास आला; ठगांच्या कथनावरील कादंबरीमुळे ज्याचे नाव विलायतेत गाजले होते, तोच हा टेलर. 1860 साली मुलूख निजामाला परत मिळाला, नळदुर्गची जिल्हा कचेरी पुढे धाराशिवास गेली, आणि गाव हळूहळू मागे पडले. त्यानंतर एकदाच त्याचे नाव देशभर झाले. 13 सप्टेंबर 1948 रोजी हैदराबादच्या पोलीस कारवाईला आरंभ झाला, त्या दिवशी सोलापूरकडून शिरलेल्या भारतीय फौजेने पहिल्याच धडकीत बोरीवरचा पूल आणि नळदुर्ग हस्तगत केला; आणि त्याच दिवशी या परिसरात हवालदार बचित्तर सिंग धारातीर्थी पडले, ज्यांचे नाव अशोकचक्राच्या पहिल्या मानकऱ्यांत आहे. पुलावरून जाताना त्यांचे स्मरण करणे हे आपणां सर्वांचे कर्तव्य आहे असे मी मानतो.

किल्ल्यातून निघून बोरीकाठच्या मैलारपूरकडे वळावे, तो हवाच बदललेली. मार्गशीर्ष-पौषातल्या पावणेदोन महिन्यांत देव येथे मुक्कामाला असतो, उरलेले सव्वादहा महिने अणदूरला. त्यामुळे या बाजूला एक प्रश्न ऐकू येतो तो अन्यत्र कोठे ऐकल्याचे मला स्मरत नाही: नळदुर्गच्या स्थानकावर एस.टी.तून उतरलेली एक वृद्ध बाई हळद-खोबरे विकणाऱ्याला विचारीत होती, की देव सध्या कुठं हाय. आणि एखाद्या घरच्या वडीलधाऱ्या माणसाचा ठावठिकाणा सांगावा तशा सहजतेने तो उत्तरला, की इथंच हाय, पुनव होईपर्यंत हलत न्हाई. पौष पौर्णिमेची महायात्रा येथे भरते. भंडाऱ्याने पिवळे झालेले पायरस्ते, खांद्यावर उंच काठ्या तोलीत येणारे भाविक, वाघ्याच्या हातातली दिमडी, मुरळीच्या हातातली घोळ, आणि मधूनच शेकडो कंठांतून उठणारा ‘येळकोट येळकोट जय मल्हार’ हा गजर, यांनी नदीकाठ भारून गेलेला असतो. भंडाऱ्याची मूठ उधळली गेली की क्षणभर समोरचे काहीच दिसत नाही, आणि मग त्या पिवळ्या धुरळ्यातून एकेक चेहरा वर येऊ लागतो. कपाळ, भुवया, पापण्यांचे केसदेखील हळदीने माखलेले, आणि त्यामुळे कोण नळदुर्गचा, कोण अणदूरचा, कोण सोलापूरचा, कोण कर्नाटकातला हे ओळखणे अशक्य झालेले.

परंतु माझे मन ज्या गोष्टीवर खिळून राहिले होते ती गोष्ट या गजरात नव्हती. ती होती एका कागदात. देव एका गावाहून दुसऱ्या गावी जावयाचा, तो केवळ वहिवाटीच्या भरवशावर जात नाही. मूर्ती नेण्या-आणण्याबद्दल दोन्ही गावच्या मानकऱ्यांत लेखी करार होतो. ज्या देवापुढे सारे मस्तक नमवितात, त्याच्या मुक्कामासाठी कागदाने स्वतःला बांधून घेण्यात श्रद्धेचा उणेपणा आहे असे कोणास वाटेल; मला त्यात श्रद्धेची प्रगल्भता दिसते. आपल्या श्रद्धेचा अतिरेक शेजाऱ्याच्या श्रद्धेवर अतिक्रमण करू शकतो हे ज्यांनी ओळखले, त्यांनीच हा कागद लिहिला असला पाहिजे.

या कागदाची कुळी जुनी आहे. मराठ्यांच्या अमदानीत आणि त्याहीपूर्वी पाटीलकीचे, शिवेचे, मानपानाचे तंटे गोतसभेपुढे येत. देशमुख, देशपांडे, पाटील, कुलकर्णी, शेटे-महाजन आणि बलुतेदार यांच्या हाजीर मजालशीत वादी-प्रतिवादींच्या तकरीरा होत, साक्षी-पुरावे होत, आणि निवाड्याचा महजर लिहून त्यावर ज्याला अक्षर येत नसे तो आपल्या धंद्याचे चिन्ह काढी, कुणब्याने नांगर काढावा तसे. तंट्याचे विषयही आजच्या माणसाला क्षुल्लक वाटावेत असे असत: पोळ्याला कोणाचा बैल वेशीतून आधी निघावा, होळीला पहिली पोळी कोणाची पडावी. ज्यांना जमिनीच्या बिघ्यांहून मान मोठा वाटत होता त्यांना मात्र ते प्राणापलीकडचे होते. मनुष्याच्या साक्षीने निकाल लागेना तेव्हा दिव्याचा आश्रय घेत. उकळत्या तेला-तुपातून हाताने धातूचा रवा काढावयाचा, हात पिशवीत घालून वर मोहोर करावयाची, आणि नेमल्या दिवशी पिशवी सोडून जखम पाहून निवाडा द्यावयाचा. वेदनेचा न्याय तो. आज तो नाहीसा झाला याचे दुःख कोणी करू नये.

देहाला वेदना देऊन समाजाचा तंटा मिटवावा ही कल्पना केवळ आपलीच नाही. दक्षिण अमेरिकेच्या अँडीज पर्वतात, पेरू देशातील कुस्कोच्या मुलखात चुंबिविल्कास नावाचा एक उंच, दुर्गम प्रांत आहे. तेथील सांतो तोमास या गावी नाताळच्या दिवशी, 25 डिसेंबरला, वर्षभराचा राग मनात धरलेली माणसे रिंगणात उतरून एकमेकांना उघड आव्हान देतात. ताकानाकुय म्हणतात त्या प्रथेला. कोणाची जनावरे कोणाच्या शेतात शिरलेली असतात, कोणाची जमीन दबलेली असते, कोणाचे प्रेम दुखावलेले असते. कोर्ट-कचेरी डोंगरापलीकडे, तेथे जाण्याची ऐपत नाही, आणि गेले तरी न्याय मिळेल याची खात्री नाही. मग भोवती गावाचे कडे, हातात आसूड घेतलेले पंच, आरंभी आलिंगन, मग ठोसे-लाथा, खाली पडलेल्यावर हात टाकावयाचा नाही, आणि शेवटी पुन्हा आलिंगन. स्त्रियाही उतरतात, मुलेही. बोलिव्हियातील माचा या गावी 3 मेच्या सुमारास होणाऱ्या तिंकू नावाच्या लढतीत तर वरच्या आणि खालच्या वाड्यांचे समुदायच भिडतात, आणि जमिनीवर सांडलेले रक्त हे धरणीमातेला दिलेला नैवेद्य होय, त्याने पीक चांगले येते, असा त्यांचा भाव असतो. तेथे माणसे मेलीही आहेत.

इतके दूर जाण्याचेही कारण नाही. सातपुड्याच्या पायथ्याशी, आज मध्य प्रदेशात असलेल्या पण बोलीने आणि रक्ताने मराठी असलेल्या पांढुर्ण्यात, पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीच्या पात्रात पळसाचे झाड रोवून त्यावर झेंडा बांधतात, आणि एका काठावर पांढुर्णा व दुसऱ्या काठावर सावरगाव असे उभे राहून दिवसभर गोटमार चालते. पांढुर्ण्याचा तरुण आणि सावरगावची तरुणी पळून जाताना नदीत सापडली व दोन्हीकडच्या दगडांखाली मेली, अशी तिची कथा सांगतात. सायंकाळी झेंडा चंडीमातेच्या देवळात जातो आणि दगड मारणारे हात जोडले जातात. सरकारने बंदोबस्त केले, रबरी चेंडू देऊन पाहिले. लोक दगडावरच आले. शेकड्यांनी माणसे जखमी होतात, कित्येकांचे प्राण गेले आहेत. ज्या प्रेमिकांच्या मृत्यूचा शोक करावयाचा, त्यांच्या नावाने आणखी एखाद्या आईचा मुलगा जावा, ही परंपरा थांबली पाहिजे असे मी कोणताही संकोच न धरता म्हणतो.

त्या मानाने सातारा जिल्ह्यातील खंडाळा तालुक्यात सुखेड आणि बोरी या गावांच्या बायकांनी काढलेली वाट किती शहाणपणाची! नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी मधल्या ओढ्याच्या दोन्ही काठांवर दोन्ही गावच्या स्त्रिया जमतात, हलग्या वाजू लागतात, आणि हातवारे करून एकमेकींना मनसोक्त शिव्या देतात. पोलीस मध्ये उभे असतात, पुरुष दूर उभे राहून पाहतात. बोरीचा बार म्हणतात तो हा प्रकार संपला की ज्या त्या आपल्या गावी, पुन्हा वर्षभर सोयरीक आणि देवघेव सुरू. दुखऱ्या शब्दाला वर्षातून एक दिवस मोकळी वाट करून देणाऱ्या त्या बायांना मी मनापासून मानतो.

आमच्या मराठवाड्यातल्या यात्रांत ही जागा कुस्तीने घेतली आहे. दुपार कलली की फड भरतो. तेल, हळद, ताक घालून मळलेली माती उकरून भुसभुशीत केलेली असते. आधी चिल्ल्यापिल्ल्यांच्या नारळावरच्या कुस्त्या, मग चढत्या इनामाच्या. पंच जोड लावतात, दोन मल्ल मातीला हात लावून तो कपाळी नेतात, चिमूटभर माती एकमेकांच्या हाती देतात, आणि हलगीचा ठेका चढतो. गावागावांतली वर्षभराची ईर्ष्या त्या चौकोनात उतरते हे खरे. एखादा निकाल न पटून फड उधळल्याचेही मी पाहिले आहे. पण बहुतेक वेळा चितपट झालेला मल्ल उठतो, अंगावरची माती झटकतो, आणि जिंकलेल्याच्या पाठीवर थाप मारतो. दगडात ही सोय नाही.

खंडोबा स्वतः लढवय्या देव. मणी आणि मल्ल या दैत्यांशी त्याने केलेल्या युद्धाची सांगता चंपाषष्ठीला होते. पण मरणसमयी शरण आलेल्या मणीला त्याने वर दिला, आणि देवाच्या सान्निध्यात त्या वैऱ्यालाही पूजेचे स्थान मिळाले. मुसलमान भाविक त्याला मल्लूखान म्हणतात. कानडी मुलखात तो मैलार आहे, तेलुगू मुलखात मल्लण्णा. इतक्यांचा असलेला देव दोन गावांचा होऊन राहिला यात नवल ते काय, असे मैलारपूरच्या पायरीवर बसलो असताना वाटून गेले.

तेथून अणदूरला गेलो. मूर्ती त्या दिवसांत मंदिरात नव्हती, तरी येणारा-जाणारा उंबऱ्याला हात लावून पुढे जात होता. कोणाच्या बोलण्यात तक्रार नव्हती, देव परत येण्याच्या दिवसाची वाट पाहणे तेवढे होते. आपल्याकडे एका विहिरीवरून, एका रस्त्यावरून, एका मिरवणुकीच्या वाटेवरून गावे दुभंगतात, भावकी पिढ्यान्‌पिढ्या कोर्टाच्या तारखा मोजीत बसते. अशा माणसांनी एकदा तरी हा रस्ता तुडवावा. पाणीमहाल पाहण्यास येणाऱ्यांनाही माझी विनंती आहे, की किल्ल्यावरून थेट परतू नका. पौष पौर्णिमेच्या आगेमागे आलात तर मैलारपूरला जा. वर्षाच्या इतर दिवसांत देव अणदूरला असतो.