मुदत मिळाली, देणे मिटले नाही

आमच्या कपाटात एक हजेरी वही अजून जपून ठेवली आहे. ती आमच्या धाकट्या भावाची. तो सोलापुरात सेंटरिंगची छोटी कामे घेतो. वहीत ११ मजुरांची नावे आहेत. त्यातल्या १० नावांसमोर 'हिशेब पुरा' असे लिहिले आहे.

२५ मार्च २०२० पासून टाळेबंदी लागली आणि साइट बंद पडली. मार्चमध्ये झालेल्या तीन आठवड्यांच्या कामाची मजुरी द्यायची राहिली होती. ज्यांच्याकडून बिल यायचे ते वरचे ठेकेदार म्हणत, "काम सुरू होऊ द्या, मग बघू." अशात २९ मार्चला केंद्रीय गृहमंत्रालयाचा आदेश आला: बंदच्या काळातही मालकांनी कामगारांना कपात न करता पूर्ण पगार द्यावा. भाऊ घाबरला. मजुरांचे फोन येत, तो उचलत नसे.

१२ मे रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाचा निकाल आला. तुळजापूरच्या मंदिर संस्थानातील कंत्राटी कामगारांचे प्रकरण होते. अशा असाधारण काळात काम नाही तर वेतन नाही हे तत्त्व लावता येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. तुळजापूर आमच्यापासून तासाभराच्या अंतरावर. भावाची झोपच उडाली.

पुढे १७ मेनंतर केंद्राचा आदेश मागे घेतला गेला. १२ जूनला सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, त्या आदेशावरून खासगी मालकांवर सक्तीची कारवाई करू नये. ही बातमी आम्हीच त्याला वाचून दाखवली. "सुटलो, भाईजान!" तो म्हणाला. आम्हीही म्हणालो, "चला, डोक्यावरचे ओझे गेले."

अम्मी तांदूळ निवडत बसल्या होत्या. त्यांनी विचारले, "कोर्टाने पोलिसांना थांबवले, हे बरे झाले. पण त्या पोरांनी मार्चमध्ये काम केले होते ना? त्याचे काय?"

आम्ही गप्प झालो. एरवी मुलांना उतारा नीट वाचा म्हणून सांगणाऱ्या आम्ही स्वतःच बातमी अर्धी वाचली होती. पुन्हा वाचली. न्यायालयाने पगार बुडवा असे कुठेच म्हटले नव्हते. मालक आणि कामगारांनी एकत्र बसून त्या बंद दिवसांच्या पगाराबाबत तडजोड करावी, जमले नाही तर कामगार खात्याच्या अधिकाऱ्यांकडे जावे, असे सांगितले होते. वाद होता तो बंद दिवसांच्या पगाराचा. टाळेबंदीआधी गाळलेल्या घामाचे पैसे त्यात येतच नव्हते. भावाने भीतीपोटी दोन्ही हिशेब एकत्र केले आणि आम्ही त्याला मान डोलावली. आमचा पगार थोडा मागेपुढे झाला तरी येत होता, म्हणून आम्हाला ते सोपे वाटले.

त्या रात्री वहीत दोन रकाने पाडले: केलेल्या कामाचे पैसे वेगळे आणि बंद दिवसांचे वेगळे. दुसऱ्या दिवशी भावाने एकेकाला फोन लावला. वयस्कर मिस्त्री म्हणाले, "पैसे नव्हते हे आम्हाला कळत होते. पण तुम्ही फोन का उचलला नाही?" भावाच्या डोळ्यांत पाणी आले.

पहिल्या रकान्याचे पैसे पूर्ण द्यायचे ठरले, हप्त्याहप्त्याने. बंद दिवसांसाठी अर्धी मजुरी सगळ्यांनी मान्य केली. वरून बिल आले तेही तुकड्यातुकड्याने. काही रक्कम आम्ही आमच्या पगारातून घातली. पुढच्या रमजानपर्यंत १० जणांचा हिशेब मिटला.

सूरह बकराच्या २८० व्या आयतीत अडचणीतल्या कर्जदाराला मुदत देण्याची शिकवण आहे, आणि माफ करणे अधिक चांगले म्हटले आहे. ती आयत आम्ही नेहमी स्वतःला कर्जदार समजून वाचली आणि दिलासा घेतला. पण माफ करण्याचा हक्क घेणेकऱ्याचा असतो, देणेकऱ्याचा नाही. इथे घेणेकरी आमच्याहून गरीब होते. २८२ व्या आयतीत उधारीचा व्यवहार लिहून ठेवायला सांगितले आहे. वही नसती तर त्या भीतीच्या दिवसांत कोणाचे किती, हेही आम्ही विसरलो असतो.

आपल्यापैकी अनेक घरांत कोणी ठेकेदार आहे, कोणी मजूर आहे. अडचण आली तर ती तोंडावर सांगावी, फोन उचलावा, आकडा लिहून ठेवावा. कोर्टाकडून मुदत मिळू शकते. देणे मात्र दिल्यानेच फिटते.

अकरावा मजूर एक तरुण मुलगा होता. त्याचा फोन बंद झाला, गावाकडेही पत्ता लागला नाही. त्याचे पैसे अम्मींनी पाकिटात घालून वहीत ठेवले आहेत. ती अमानत आहे. तो सापडेल, इन्शाअल्लाह. तोपर्यंत वही कपाटातच राहील.