नाही, नव्हे, नको

सैनशांदला पोचून आठवडाच झाला होता. मंगोलियाच्या दोर्नोगोवी प्रांताचं, म्हणजे पूर्व गोबीचं, हे मुख्य गाव. गावाबाहेर भारताच्या कर्जातून मोठा तेलशुद्धीकरण कारखाना उभा राहतोय. त्या कामाच्या एका लहानशा तुकड्यासाठी मी आठ महिने तिथे होते. फाटकाच्या पासांसाठी कामगारांची यादी माझ्याकडे आली, ती सगळी मंगोलियन सिरिलिकमध्ये. मी फोनवरच्या भाषांतराच्या अ‍ॅपसमोर धरली. नावंच ती, त्यांचं भाषांतर कशाला करायचं, हे त्या अ‍ॅपला कळत नाही. त्यामुळे यादीत 'पोलादी वीर', 'शांत आनंद', 'शुक्रवार' अशी माणसं उगवली आणि दोन ओळींवर 'ब. निनावी', 'द. निनावी' असं आलं.

मी यादी कचेरीत परत नेली आणि म्हटलं, या दोघांची नावं भरायची राहिलीत. टेबलामागच्या बाईंनी कागद पाहिला, चष्मा वर सरकवला आणि शांतपणे म्हणाल्या, "राहिलेली नाहीत. ही मी. आणि तो पाण्याच्या टँकरचा ड्रायव्हर."

त्यांचं नाव नेरगुई. 'नेर' म्हणजे नाव, 'गुई' म्हणजे नसलेलं. नाव नाही, हेच नाव. बाईचंही तेच, ड्रायव्हरचंही तेच. मंगोलियन भाषेत व्याकरणाचं लिंग नसतंच. 'तो', 'ती', 'ते' या तिन्हींना एकच 'तेर' पुरतो. आडनावही आपल्यासारखं नसतं. बापाचं किंवा आईचं नाव षष्ठी लावून पुढे येतं, कागदोपत्री त्याचं पहिलं अक्षर उरतं. कुळांची नावं १९२० च्या दशकात मोडीत निघाली आणि साम्यवादी राजवट गेल्यावर लोकांना परत घ्यायला सांगितलं, तेव्हा अर्ध्या देशाला आपण चंगीझ खानाच्या बोर्जिगिन कुळातले असल्याचं आठवलं म्हणतात. १९८१ साली अंतराळात जाऊन आलेल्या गुर्रागचा यांनी मात्र 'सान्सार' हे कुळनाव घेतलं. अर्थ, अंतराळ. हे मला फार आवडलं. पण 'ब.' हे एक अक्षर सोडलं तर नेरगुईंकडे स्वतःचं असं 'नाव नाही' एवढंच होतं.

आपल्याकडे अनामिका आहेच की, असं मला आधी वाटलं. करंगळीशेजारचं बोट. मुलींचं नाव म्हणून ते चालतं, कवितेत तर फारच चालतं. पण अनामिका ठेवणाऱ्या आईबापांना ते नाव सुंदर वाटतं म्हणून ते ठेवतात. नेरगुई हे सुंदर वाटावं म्हणून ठेवलेलं नाव नव्हे.

हे मला कळलं ते दादाच्या फोनमुळे. वहिनीला सातवा महिना लागला होता. याआधी दोनदा दिवस राहून गेले होते, एकदा तिसऱ्या महिन्यात आणि एकदा पाचव्या. दादाला काहीतरी करत राहायला हवं होतं, म्हणून त्यानं नाव शोधायचं काम काढलं. मुलगा की मुलगी हे आपल्याकडे आधी कळत नाही, १९९४ च्या कायद्यानं कळू द्यायचंच नाही. तेव्हा दोघांनाही चालेल असं एकच नाव ठरवून ठेवू, असं त्याचं म्हणणं. "तू तिकडे आहेस तर तिकडचं बघ. कुणाचं नसलेलं, अर्थ चांगला असलेलं. आणि आत्या तूच, बारशाला कानात कुर्र तुलाच करायचंय."

मी उत्साहानं यादी केली. तिथे वारांची नावं ठेवतात, मुलगा असो की मुलगी: न्याम म्हणजे रविवार, दावा म्हणजे सोमवार, ही तिबेटीतून आलेली. त्याहून जुनी एक रांग संस्कृतातून उइघुर लोकांमार्फत गेली. मंगोलियन लोक मंगळाला अंगाराग म्हणतात, बुधाला बुद, गुरूला बार्खासबाद, शुक्राला सुगार, शनीला सांचिर. अंगारक, बुध, बृहस्पती, शुक्र, शनैश्चर. आपलं पंचांग वाळवंट ओलांडून, थोडं झिजून तिथे जाऊन बसलंय. आदित्यचं आद्या, रत्नाचं एर्देने, वज्राचं ओचिर, पद्माचं बादमा. सोमाचं सुम्या झालं आहे, पण ते मी गाळलं. सुम्या म्हटलं की आमच्या गल्लीतून कुणीतरी ओ देईल.

वहिनीनं यादी वाचली. "हे सगळे आपलेच शब्द," ती म्हणाली. "इथून तिथे गेलेले परत कशाला आणायचे?" मग जरा थांबून म्हणाली, "आणि आत्ता नावबिव नको ना. बाळ येऊ दे हातात." तिनं अजून एक लंगोटसुद्धा आणलेला नव्हता, हे दादानं मला नंतर वेगळ्यानं सांगितलं.

मी हे नेरगुई एग्चना सांगितलं. 'एग्च' म्हणजे ताई. त्या माझ्याहून पंधरा वर्षांनी मोठ्या, नुसत्या नावानं हाक मारणं बरं दिसलं नसतं. मीठ घातलेला दुधाचा चहा माझ्यापुढे सरकवत त्या म्हणाल्या, "तुमची वहिनी शहाणी आहे. माझ्या आईनं हेच केलं."

त्यांच्या आधी दोन मुलं झाली, दोन्ही पहिल्या हिवाळ्यातच गेली. गेर म्हणजे लोकरी नमद्याचा गोल तंबू, बाहेर उणे तीस, दवाखाना घोड्यावरून दिवसभराच्या वाटेवर. तिसऱ्या वेळी आजोबांनी सांगितलं, नाव ठेवू नका. मुलं नेणारे जे कोणी येतात ते नावानं शोधत येतात. नाव नसेल तर कुणाला हाक मारणार? तिथेही नाव बाळाच्या कानात सांगतात, तीनदा. हे ऐकून मी चहाचा वाडगा खालीच ठेवला. आजोबांनी त्यांच्या कानात तीनदा सांगितलं, "तुझं नाव, नाव नाही." बाळाला रात्री तंबूबाहेर न्यायचं झालं की भांड्याच्या बुडाची काजळी कपाळावर ओढायची, म्हणजे अंधारात जे कोणी बघत असेल त्याला वाटावं, हे मूल नव्हे, हा ससा आहे. कौतुक करायचं तर 'किती कुरूप आहे गं' असं म्हणायचं.

या जातीची नावं आणखी आहेत. एनेबिश म्हणजे 'हे नव्हे', तेरबिश म्हणजे 'ते नव्हे', हुनबिश म्हणजे 'माणूस नव्हे'. मूनोखोई म्हणजे 'वाईट कुत्रा'. यमदूत दाराशी येऊन विचारतोय आणि घरातलं माणूस निर्विकार चेहऱ्यानं उत्तर देतंय, असा तो सगळा संवाद आहे. यात मला भाषेची एक गंमत दिसली. मंगोलियनमध्ये नकार दोन: 'गुई', एखादी गोष्ट नसणं, आणि 'बिश', ती गोष्ट ती नसणं. इंग्रजीत सांगताना नेरगुई एग्चची दमछाक झाली, पण मराठीत दोन्ही तयार आहेत: नाही आणि नव्हे. नाव नाही, हे नव्हे. आणि 'हा' की 'ही' हा घोळही मराठीत होत नाही, कारण आपल्याकडे बाळ नपुंसकलिंगीच असतं. ते बाळ. हे नव्हे.

आता हे आपल्याला अगदीच परकं आहे, असंही नाही. माझ्या बाबांचं पाळण्यातलं नाव दगडू. माण तालुक्यातलं घर. आजीची पहिली दोन मुलं गेली आणि तिसऱ्याला तिनं दगड म्हटलं. दगडाला कोण नेणार? दगडू, धोंडू, केरू, उकिरड्यावरून उचलल्याचं नाटक करून ठेवलेलं उकिर्डा. दोन-तीन पिढ्यांमागे जाल तर तुमच्याही घरात एखादा सापडेल. शाळेत गुरुजींनी दाखल्यावर देवाचं नाव घातलं आणि दगडू फक्त आजीच्या तोंडी उरलं.

मी हे भराभर सांगत होते, आणि त्याच ओघात म्हणून गेले, "आणि आत्याचं नाव नकुसा."

"म्हणजे?"

बाबांच्या पाठीवर ओळीनं तीन मुली. तिसरी नकुसा. मी अर्थ सांगायला गेले आणि अडले. इतकी वर्षं माझ्या डोक्यात दगडू आणि नकुसा ही एकाच ट्रंकेतली नावं होती: जुनी, गावाकडची, थोडी हसू येणारी. नेरगुई एग्चनीही आधी मान डोलावली, त्यांना वाटलं आणखी एक लपवायचं नाव. मी म्हटलं, नाही. तिसऱ्या मुलीला नकुसा म्हणतात ते चौथी होऊ नये म्हणून. त्या बराच वेळ शब्द शोधत राहिल्या. "खेरेग्गुई?" म्हणजे 'गरज नाही.' मी हो म्हटलं. त्या म्हणाल्या, "असं नाव मी ऐकलेलं नाही," आणि चहा ओतायला उठल्या.

नाही, नव्हे आणि नको. तिसरा नकार आमचा. आणि नेरगुई बाईलाही आणि ड्रायव्हरलाही एकच पुरतं, आमच्याकडे मात्र मुलगा असला तर दगड आणि मुलगी असली तर नको. २०११ च्या ऑक्टोबरमध्ये सातारा जिल्हा परिषदेनं कार्यक्रम घेऊन नकोशा नावाच्या २८५ मुलींना नवी नावं दिली, तेव्हा मी पेपरातला फोटो पाहिला होता. कुणी ऐश्वर्या झालं, कुणी वैशाली. आपल्याच जिल्ह्यातली बातमी म्हणून कात्रणही ठेवलं असेल. पण आत्याशी त्याचा संबंध लावला नव्हता. आत्याचं नाव तर लग्नातच बदललेलं. ताटातल्या तांदळात नवऱ्यानं लिहिलेलं नाव सासरी चाललं, नकुसा माहेरी राहिलं.

त्या रात्री मी आत्याला फोन केला. इकडचं तिकडचं झालं, मग विचारलं. ती हसली. "आत्ता इचारतीस व्हय? तुज्या बापाचं नाव यमाला फसवाया ठिवलं हुतं. माजं देवाला बजावाया."

"तुला राग नाही येत?"

"कुणावर धरू? आई गेली. आन् हाक मारायची ती गोडच मारायची. नकू म्हणायची." थोडा वेळ नुसती फोनची खरखर. "गोड मारायची म्हणून तर..." एवढं म्हणून तिनं वाक्य सोडून दिलं आणि तिथे भाजी काय मिळते ते विचारलं.

माझ्या कानात नाव सांगितलं ते या बाईनं. पाळण्याशी वाकून, कुर्र करून. आमच्याकडे हा मान आत्याचा. मला छान, अर्थ असलेलं, पुस्तकातलं नाव मिळालं. ते तिनंच सुचवलं होतं, असं आई सांगते. त्या क्षणी तिच्या मनात काय आलं असेल, हे विचारायची माझी छाती झाली नाही.

नेरगुई हे नाव आता नव्या बाळांना कोणी फारसं ठेवत नाही. त्याचं कारण उघड आहे आणि आनंदाचं आहे. १९९० च्या सुमारास मंगोलियात हजारातली शंभराच्या आसपास मुलं पाच वर्षांची व्हायच्या आत जात, आज तो आकडा विसाच्या खाली आहे. फसवायचं कोणाला, तो आता तितक्यांदा दाराशी येत नाही. एग्चनी स्वतःच्या मुलांची नावं लांबलचक आणि शुभ ठेवली आहेत. "शांती, अमर, सोनं, सगळं एकत्र घातलं," त्या म्हणाल्या. "मला घाबरायचं कारण नव्हतं." आणि मग, "तरी काजळी लावली."

दादाला मी यादीत नेरगुई शेवटी लिहून पाठवलं होतं, गंमत म्हणून, अर्थासकट. त्यानं काही उत्तर दिलं नाही. वहिनीचं मात्र आलं. तिनं विचारलं, त्या बाई आता किती वर्षांच्या आहेत? मी म्हटलं, बेचाळीस. धडधाकट. ती म्हणाली, "बरं."

बाळ मार्चमध्ये आलं, तीन आठवडे आधी. काही दिवस पेटीत होतं, मग घरी आलं. बारसं बाराव्या दिवशी झालं नाही, पाचव्या आठवड्यातही नाही. मी परत आले की करू, असं सगळे म्हणत होते. ते खरं होतं आणि निमित्तही होतं. नावाशिवाय जन्माची नोंद करता येते, १९६९ च्या कायद्यात तशी सोय आहे, नाव नंतर घालता येतं. दादानं दाखला काढला आणि त्याचा फोटो मला पाठवला. आईचं नाव, वडिलांचं नाव, पत्ता, तारीख. बाळाच्या नावापुढे कोरी जागा.

मी तो कचेरीत नेऊन एग्चना दाखवला. मराठी त्यांना येत नाही, पण रिकामा रकाना कुठल्याही भाषेत कळतो. त्यांनी बोट ठेवलं आणि मोठ्यानं वाचलं, "नेरगुई." मग बाळाचा फोटो मागितला. मी फोन पुढे केला. "किती कुरूप आहे," त्या म्हणाल्या, आणि पडदा दोन बोटांनी मोठा करून काहीतरी शोधायला लागल्या.

तीट होती. कपाळाच्या मधोमध नव्हे, जरा डावीकडे, चांगली रुपयाएवढी. दादाला विचारलं तर म्हणाला, आत्या गावाहून आलीये, रोज तीच लावते, कितीही पुसली तरी परत लावते.