चहाच्या अक्षराचा डोंगर

जपानचें नांव काढिलें कीं आपणांपैकीं बहुतेकांच्या डोळ्यांपुढें फुजी पर्वत, चेरीचा बहर आणि वाऱ्याच्या वेगानें धांवणारी आगगाडी एवढींच चित्रें उभीं राहतात. त्याच आगगाडीच्या खिडकींतून शिझुओका प्रांतांतील काकेगावा गांवाजवळ एका डोंगराच्या उतरणीवर एक प्रचंड हिरवें अक्षर दिसतें. त्याचा उच्चार ‘चा’ असा होतो आणि अर्थ अर्थातच चहा. डोंगराचें नांव आवागाताके. उंची अवघी ५३२ मीटर, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या तिसऱ्या हिश्शाइतकीच. १९३२ सालीं तेथील लोकांनीं पाइनचीं झाडें लावून हें अक्षर डोंगरावर लिहिलें; पुढें त्या झाडांस कीड लागली, तेव्हां तीं काढून त्यांच्या जागीं ‘हिनोकी’ नांवाच्या वृक्षांची लागवड करण्यांत आली. आपल्या धंद्याचें नांव डोंगरावर झाडांनीं लिहावें व तें झाड मेल्यास दुसरें लावून पुन्हां लिहावें, ही हौस कांहीं सामान्य नव्हे!

२०२५ च्या मे महिन्यांत हा डोंगर पाहण्याचा योग मला आला. माझा मामा हामामात्सु शहरीं एका कारखान्यांत नोकरीस आहे. त्याच्याकडे आई व मी सुटींत गेलों होतों. बाबा आले नाहींत. वैशाख म्हणजे आमच्याकडे आंब्याचा हंगाम. आणि त्या वर्षीं त्यांना घर सोडवेना, याला आणखीही एक कारण होतें. संगमेश्वर तालुक्यांतील आमची आजोबांच्या हातची कलमांची बाग विकावी कीं ठेवावी, याचा खल घरांत चालला होता. एक गिऱ्हाईक येऊन बाग पाहूनही गेलें होतें. आईनें मजजवळ त्याविषयीं चकार शब्द काढला नाहीं, परंतु विमानांत तिला झोंप लागली नाहीं हें मीं पाहिलें होतें.

मामानें अर्ध्या दिवसाची सहल ठरविली होती : सकाळीं चहाची खुडणी, नंतर डोंगर, आणि दुपारीं परत. आठाच्या सुमारास आम्ही डोंगराच्या पायथ्याशीं एका शेतकऱ्याच्या दारांत उतरलों. यजमान शाहत्तर वर्षांचे, कमरेंत किंचित् वांकलेले. त्यांच्या पत्नीही त्याच वयाच्या. त्यांनीं आम्हांस निळ्या छापाचे सदरे, लाल पट्टे व वेताच्या टोपल्या दिल्या. हा पोशाख पूर्वीं खुडणीच्या बायका घालीत. आतां तो पाहुण्यांसाठींच राहिला आहे. मामा त्या वेषांत असा कांहीं दिसूं लागला कीं माझ्या सात वर्षांच्या मामेबहिणीला हंसूं आवरेना.

चहाचा मळा प्रथम पाहणाऱ्यास तो झाडांचा वाटतच नाहीं. कंबरेएवढ्या उंचीच्या, वरून गोलाई दिलेल्या लांबच लांब हिरव्या वरवंट्यांच्या रांगा, एवढेंच दिसतें. त्यांतून ठिकठिकाणीं उंच खांब उभे, व प्रत्येक खांबावर एक विजेचा पंखा! शेतांत पंखे पाहून आईनें विचारलें, “इतका का इथं उकाडा होतो?” प्रकार उलटाच होता. वसंतांतील निरभ्र रात्रीं जमिनीलगतची हवा गारठते व कोंवळ्या अंकुरांवर हिंव पडतें; पांचसहा मीटर वर हवा त्यापेक्षां उबदार असते. ती उबदार हवा खालीं ढकलण्यासाठीं हे पंखे, थंडी एका मर्यादेखालीं गेली कीं आपोआप फिरूं लागतात.

तिकडील पंचांगाप्रमाणें वसंतारंभ फेब्रुवारीच्या चौथ्या तारखेच्या सुमारास होतो. तेथपासून अठ्ठ्याऐंशीवी रात्र मेच्या आरंभीं येते, आणि त्या सुमारास खुडलेला पहिला चहा सर्वांत उत्तम मानतात. खुडणीचा नियम एकच : मधली कळी व तिच्या खालचीं दोन पानें. नखानें तोडावयाचें नाहीं, कारण नखाचा घाव काळा पडतो. देंठ दोन बोटांत धरून हलकेंच वांकवावयाचा, कीं कोंवळा असेल तेथेंच तो ‘टक्’ करून तुटतो. जून देंठ वांकतो, पण तुटत नाहीं. माझ्या टोपलीचा तळ झांकेपर्यंत आईची टोपली अर्धी होत आली. लहानपणापासून अबोलीचीं फुलें व शेवग्याचा पाला खुडलेलीं तीं बोटें. त्यांना शिकवावें काय लागणार? म्हाताऱ्या बाईंनीं तिच्या हाताकडे पाहून कांहीं म्हटलें. मामानें सांगितलें, “ताई, हा हात शेतावरचा आहे असं म्हणताहेत त्या.” आईचा चेहरा उजळला. त्या दोघीजणी नंतर एकाच रांगेंत समोरासमोर, एकमेकींची भाषा न कळतां, कितीतरी वेळ खुडीत होत्या.

तासाभरांत आम्हां पांचजणांची मिळून खुडणी भरली पाऊण किलो. वाळून याचा चहा किती होईल, असें मीं विचारलें. सुमारें पांच किलो ओल्या पानाचा एक किलो चहा होतो, असें उत्तर आलें. म्हणजे आमच्या साऱ्या श्रमाचें फळ दीडशें ग्रॅम! अर्थात् आतां हातानें खुडणें फार थोड्या ठिकाणीं उरलें आहे. रांगेवरून यंत्र चालवीत नेलें कीं काम भागतें. मळ्यांतील झाडें मुख्यत्वें ‘याबुकिता’ जातीचीं. सुगियामा हिकोसाबुरो या गृहस्थांनीं १९०८ सालीं शिझुओका येथें बांबूच्या बेटाच्या उत्तरेस आढळलेलें एक झाड निवडलें. ‘याबु’ म्हणजे बेट आणि ‘किता’ म्हणजे उत्तर. जपानांतील चहाचे बहुसंख्य मळे आज त्या एका झाडाचींच कलमें आहेत. कलमांची गोष्ट निघतांच आईनें मामाकरवीं आमच्या बागेची हकीकत त्यांस सांगितली. म्हातारेबुवांनीं मान डोलावली आणि विचारलें,

“तुमच्या मागं बाग कोण पाहणार?”

आईनें माझ्याकडे पाहिलें, मग टोपलीकडे. “अजून ठरलं नाही,” ती म्हणाली.

मामानें तें भाषांतर करून सांगितलें. म्हातारेबुवा हंसले आणि त्यांनीं आम्हांस मळ्याच्या वरच्या अंगास नेलें. तेथें बांबूच्या दाटींत दोन पुरुष उंचीचीं, विरळ पानांचीं, उंच मानेचीं झाडें उभीं होतीं. त्यांपैकीं एकाचें पान त्यांनीं हातीं दिलें तेव्हां कळलें, हाही चहाच! छाटणी थांबली कीं चहाचें झुडूप झाड होऊं लागतें, आणि बाजूचें बांबूचें बेट हळूहळू आंत शिरतें. तो तुकडा चढाचा. तेथें यंत्र चालत नाहीं, आणि हातानें करणें आतां त्यांच्यानें होत नाहीं. मुलगा नागोया शहरीं कचेरींत आहे. हें सर्व त्यांनीं तक्रारीच्या सुरांत सांगितलें नाहीं. पावसाचा अंदाज सांगावा तसें सांगितलें. मला मात्र त्या उंच झालेल्या झाडांकडे पाहवेना.

डोंगर आम्ही पायींच चढलों. वाटेच्या दोहों अंगांस चहाचे मळे, आणि मळ्यांच्या मधून मधून मोकळीं गवताचीं रानें. हीं रानें पडीक नव्हेत. काशाच्या जातीचें तुऱ्याचें गवत तेथें मुद्दाम राखतात, पानगळीच्या दिवसांत तें कापून, पेंढ्या बांधून वाळवितात, व हिंवाळ्यांत त्याचे तुकडे करून चहाच्या रांगांमध्यें पसरतात. त्यानें ओल टिकते, तण दबतें, माती वाहून जात नाहीं, आणि कुजून त्याचेंच खत होतें. वर्षानुवर्षे नियमानें कापल्यामुळें त्या रानांत दुर्मिळ फुलझाडेंही टिकून राहिलीं आहेत, व एक न उडणारा टोळही तेथें आहे. संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व शेती संघटनेनें २०१३ सालीं या पद्धतीस जागतिक महत्त्वाचा शेतीवारसा म्हणून मान्यता दिली. आई मात्र रांगेंत वांकून त्या तपकिरी थराखालीं हात घालून पाहत होती. “माती बघ कशी गार आहे,” ती म्हणाली.

माथ्याजवळ तें मोठें अक्षर लागलें, म्हणजे लागलें असें मामानें सांगितलें. जवळून तें अक्षर नव्हेच. नुसतीं सरळसोट झाडें! माझ्या मामेबहिणीनें आपण अक्षराच्या कोणत्या रेघेंत उभे आहोंत असें विचारून मामाला निरुत्तर केलें. शिखरावर एक जुनें देऊळ व एक विहीर आहे. तिची दंतकथा मौजेची आहे : तेथें एक घंटा असे, ती वाजविणाऱ्यास या जन्मीं अपार धन मिळे, परंतु पुढच्या जन्मीं अवीचि नरक. आश्चर्य हें कीं, तरीही घंटा वाजविणारांची रीघ लागली! शेवटीं पुजाऱ्यानें ती विहिरींत टाकून दिली म्हणतात.

शिखरावरून फुजी दिसतो, अशी ख्याती आहे. आम्हांस तो दिसला नाहीं. मामा एका पांढऱ्या ढगाकडे बोट करून “तिथंच आहे, तिथंच आहे,” म्हणत राहिला. पण खालचा देखावा असा होता कीं फुजीची उणीव भासूं नये. दूर सुरुगा उपसागराची निळी रेघ, अलीकडे ओइ नदीचें रुंद, खडकाळ पात्र, आणि त्यालगत माकिनोहाराचें पठार, सारें चहाच्या रांगांनीं कंगव्यानें विंचरल्यासारखें.

या पठारावरचा चहा कोणी लावला? तलवारबहाद्दरांनीं! १८६८ सालीं जपानांतील शोगुनांची सत्ता गेली व त्यांच्या पदरचे सामुराई निर्धन झाले. त्यांतील कांहीं कुटुंबें चुजो कागेआकी यांच्या पुढारीपणाखालीं १८६९ सालीं या ओसाड, पाण्यावांचूनच्या पठारावर आलीं आणि ज्यांनीं कधीं कुदळ धरली नव्हती त्यांनीं चहा लाविला. ओइ नदीवर पूल बांधण्यास व नाव घालण्यास शोगुनांची बंदी असे. प्रवाशांस खांद्यावरून पलीकडे नेणारे शेंकडों हमाल त्यावर पोट भरीत. १८७० सालीं ती पद्धत बंद झाली व त्यांचाही धंदा एका फटक्यांत बुडाला; त्यांतलेही कित्येक याच पठारावर आले. १८७९ सालीं त्या वसाहतीसाठीं नदीवर लांकडी पूल झाला. तो होराइ पूल सुमारें ८९७ मीटर लांबीचा असून आजही त्यावरून पायीं जातां येतें. कालपर्यंत ज्यांच्या तलवारीपुढें लोक वाट सोडीत, ते आणि नदींत उघड्या अंगानें उभे राहणारे हमाल, दोघेही चहाचे शेतकरी झाले, ही गोष्ट मला त्या साऱ्या देखाव्याहून मोठी वाटली.

पण तीही गोष्ट पुरती सुखाची नाहीं. चहाच्या उत्पन्नांत जपानांत सदैव पहिला असणारा शिझुओका प्रांत २०२४ सालीं प्रथमच कागोशिमाच्या मागें पडला. तिकडे सपाट जमीन व मोठीं यंत्रें. इकडे चढ, लहान तुकडे आणि वय झालेले हात. उंच झालेल्या त्या झाडांचें कारण मला शिखरावर अधिक नीट कळलें.

खालीं आलों तेव्हां बाईंनीं कोंवळ्या चहाच्या पानांचीं भजीं तळून ठेविलीं होतीं. किंचित् कडू, कुरकुरीत. मीं किती खाल्लीं तें येथें न लिहिलेलेंच बरें. आमचीं पानें त्यांनीं पिशवींत घालून दिलीं व कृतीही सांगितली : पान त्याच दिवशीं वाफवावयाचें, नाहीं तर तें लाल पडूं लागतें; मग गरम असतांच हातानें मळून, थोडें थोडें सुकवीत, पुन्हां मळावयाचें. आईनें मामीच्या स्वयंपाकघरांत दुपारभर तें काम केलें. तिचे तळवे हिरवे झाले, घरभर ओल्या गवताचा वास सुटला.

संध्याकाळीं तिनें बाबांना फोन लावला. बाग, गिऱ्हाईक, किंमत, यांतलें कांहीं बोलणें झालें नाहीं. ती एवढेंच म्हणाली, “कलमांखालचा पाचोळा यंदा जाळू नका. गवतही कापून तिथंच, बुंध्यापासून हातभर सोडून, पसरायचं आहे.”

पलीकडून बाबा थोडा वेळ कांहीं बोलले नाहींत. मग त्यांचा आवाज आला, “गडी मिळाला तर बघतो.”

“नाही मिळाला तर आम्ही आल्यावर करू,” आई म्हणाली, आणि चुलीवरचा चहा गाळावयास उठली.