‘न पटणारी गोष्ट’ आणि तिचा पटकथाकार

मराठी कादंबरीच्या इतिहासात नारायण हरी आपटे (१८८९–१९७१) यांच्या वाट्याला ‘लोकप्रिय कादंबरीकार’ एवढीच नोंद येते; चित्रपटाच्या इतिहासात त्यांचे नाव दिग्दर्शकाच्या सावलीत राहते. सांगलीजवळच्या समडोळीत जन्मलेल्या आणि पुढे सातारा जिल्ह्यातील कोरेगावी स्थिरावलेल्या या लेखकाच्या ‘भाग्यश्री’वरून प्रभातचा ‘अमृतमंथन’ (१९३४) निघाला, तर ‘न पटणारी गोष्ट’वरून ‘कुंकू’ (१९३७). ‘कुंकू’ची पटकथाही त्यांनीच लिहिली. आपल्याच संहितेला दुसऱ्या माध्यमात नेणाऱ्या लेखकाने काय राखले आणि काय सोडले, हा प्रश्न म्हणूनच महत्त्वाचा ठरतो.

जरठ-कुमारी विवाह हे आशयसूत्र मराठीला नवे नव्हते. देवलांच्या ‘शारदा’ (१८९९) नाटकात वर आणि वधू सगोत्र असल्याचे उघड होते आणि विवाह मोडतो. तेथे अन्याय टळतो, पण तो धर्मशास्त्राच्या आधाराने. शारदेच्या नकाराला निर्णायक स्थान नाही. आपट्यांनी हा सुटकेचा मार्गच बंद केला. ‘कुंकू’तील नीरेचे लग्न फसवणुकीने लागते, आणि खरी कथा त्यानंतर सुरू होते. वृद्ध काकासाहेबांच्या घरात राहून ती पत्नीपण नाकारते. शास्त्राने वैध ठरवलेले नाते एका मुलीला पटत नाही, एवढ्यावर सारे नाट्य उभे आहे.

कादंबरीच्या शीर्षकातील ‘पटणे’ या क्रियापदाचे सामर्थ्य येथे ध्यानात येते. पटणे म्हणजे खरे वाटणे, आणि मान्य होणेही. समाजाला जी गोष्ट असंभाव्य वाटते, तीच नीरेच्या असंमतीची गोष्ट आहे. चित्रपटाने ही क्रिया सोडून चिन्ह स्वीकारले: कुंकू. हिंदी आवृत्तीच्या ‘दुनिया न माने’ या नावात नकार परतला खरा, पण त्याचा कर्ता बदलला. न मानणारी आता दुनिया झाली.

या चित्रपटात पार्श्वसंगीत नाही. प्रसंगातच उगम असलेले ध्वनी तेवढे ऐकू येतात. भिंतीवरचे घड्याळ काकासाहेबांच्या सरत्या वयाची साक्ष देत राहते. ही योजना शांतारामांच्या दिग्दर्शनाची. पण जिच्याभोवती अशी शांतता राखता यावी, ती न झुकणारी व्यक्तिरेखा लेखकाची आहे.

शेवट मात्र अस्वस्थ करतो. काकासाहेब आत्महत्या करतात आणि पत्राद्वारे नीरेला पुनर्विवाहाची मुभा देतात. आयुष्यभर स्वतःच्या नकारावर ठाम राहिलेल्या स्त्रीची मुक्ती अखेर पतीच्या हस्ताक्षरात येते. आपट्यांच्या सुधारणावादाची मर्यादा या पत्रात दिसते. तथापि, ती मर्यादा दिसावी इतका उजेडही नीरेच्याच नकाराने पाडला आहे. पटकथाकार म्हणून त्यांचे मोठेपण जोखायचे, तर आरंभ तेथून करावा लागेल.