हजेरीतले नाव

गेल्या महिन्यात एका माजी विद्यार्थ्याचा फोन आला. त्याचा मुलगा तिसरीत शिकतो. शाळेने मुलांना घरातल्या माणसांच्या नावांचे अर्थ लिहून आणायला सांगितले होते. मुलाचे स्वतःचे नाव, आईचे नाव, आजीचे नाव यांचे अर्थ सहज सापडले. अडले ते बाबांच्या नावापाशी. "मॅडम, तुम्ही मराठी शिकवता म्हणून विचारतो," तो म्हणाला, "नेल्सन म्हणजे नक्की काय हो? पस्तीस वर्षं हे नाव वागवतोय, पण अर्थ मला कोणी सांगितला नाही."

मी त्याला दोन दिवस मागितले. खरे तर त्या नावाचा अर्थ सांगायला दोन मिनिटेही पुरली असती. पण हे नाव ऐकताच सतरा-अठरा वर्षांपूर्वीची एक हजेरी मला आठवली, आणि ती आठवण बाजूला सारून नुसता कोशातला अर्थ सांगणे मला जमेना.

मी तेव्हा प्राध्यापकीत नवी होते. आमचे महाविद्यालय नागपूरच्या पश्चिम टोकाला. अमरावती मार्गावर वाडी, आठवा मैल, दत्तवाडी या भागांतून बरीच मुले येत. वाडीची तेव्हा ग्रामपंचायतच होती. नगर परिषद नंतर झाली. एका अंगाला ट्रान्सपोर्टची गोदामे आणि रस्त्याच्या कडेला ट्रकांच्या रांगा, दुसऱ्या अंगाला अंबाझरीची आयुध निर्माणी. निर्माणीच्या निमित्ताने देशभरातली माणसे इथे आली आणि स्थायिक झाली. त्यामुळे आमच्या हजेरीपटात मल्याळी, तमिळ, बंगाली, हिंदी नावे वऱ्हाडी-झाडीपट्टीतल्या नावांच्या शेजारी सुखाने नांदत.

पहिल्याच आठवड्यात हजेरी घेताना 'नेल्सन' हे नाव आले. पुढे वडिलांचे नाव आणि आडनाव मात्र अस्सल वैदर्भीय. मी थांबले आणि भर वर्गात विचारले, "तू ख्रिश्चन का रे?" तो उभा राहिला. म्हणाला, "नाही मॅडम. बौद्ध." वर्गात एक क्षण शांतता पसरली. मी "बरं, बरं" म्हणून पुढचे नाव पुकारले. माझ्या प्रश्नात द्वेष नव्हता, कुतूहल होते, असे मी पुढे कित्येक दिवस स्वतःला समजावत राहिले. पण पन्नास मुलांपैकी एकालाच मी त्याचा धर्म विचारला होता आणि पन्नास मुलांसमोर त्याला तो सांगावा लागला होता. ही गोष्ट कुतूहल या शब्दाने झाकली जात नाही.

आपल्याकडे नाव विचारण्याच्या पायऱ्या ठरलेल्या आहेत. आधी नाव, मग 'पूर्ण नाव', मग 'गाव कुठलं'. पूर्ण नाव विचारणाऱ्याला बहुधा आडनाव हवे असते आणि आडनाव हवे असणाऱ्याला त्याच्या आडून जात हवी असते. आडनावावरून उलगडा झाला नाही, तर गाव विचारले जाते. भाड्याने खोली शोधणाऱ्या मुलांना या पायऱ्या तोंडपाठ असतात. नेल्सन या नावाने त्या पायऱ्यांचा क्रम बिघडवला होता, एवढेच. प्रश्न टळला नव्हता. जातीऐवजी धर्मापासून सुरू झाला होता, आणि तो विचारणारी मी होते.

आता कोशातला अर्थ. नेल्सन हे मुळात नाव नव्हेच; ते इंग्रजी आडनाव आहे. नेल किंवा नील याचा सन, म्हणजे नीलचा मुलगा. त्यातला नील हा आयरिश 'नीअल'वरून आला. त्याचा अर्थ कोणी वीर सांगतात, कोणी मेघ. विल्सन, जॅक्सन, हॅरिसन, डिक्सन ही सगळी याच घडणीची. आपण मुलाच्या नावापुढे वडिलांचे नाव लावतो आणि ते दर पिढीला बदलते. त्यांच्याकडे कुठल्या तरी एका पिढीत ते गोठले आणि आडनाव होऊन बसले. दुसरा मोठा गट व्यवसायांचा: स्मिथ म्हणजे लोहार, टेलर म्हणजे शिंपी, मेसन म्हणजे गवंडी, कार्टर म्हणजे गाडीवान, टायलर म्हणजे कौले घालणारा.

ही आडनावे मुलांची नावे कशी झाली, याचा इतिहास सोळाव्या शतकापर्यंत मागे जातो. इंग्लंडमधल्या सरदार घराण्यांत आईच्या माहेरचे आडनाव मुलाला नाव म्हणून देऊ लागले. लेडी जेन ग्रे हिचा नवरा गिल्डफर्ड डडली हे त्याचे ठळक उदाहरण. त्याच्या आईचे माहेरचे आडनाव गिल्डफर्ड. आजोळची इभ्रत आणि इस्टेट नातवाच्या नावात टिकावी, हा त्यातला हिशेब. पुढे आजोळाची जागा थोर पुरुषांनी घेतली. १८०५ मध्ये ट्रफाल्गरच्या लढाईत धारातीर्थी पडलेल्या नेल्सन या आरमारी सेनापतीचे नाव इंग्रज आईबाप मुलांना ठेवू लागले. अमेरिकेत वॉशिंग्टन, जेफर्सन, लिंकन ही आडनावे पाळण्यात आली. हल्ली तिकडे मेसन, कार्टर, टायलर ही नावे मुलांना हौसेने ठेवतात. ठसठशीत, मर्दानी आणि थोडी खानदानी वाटतात म्हणून.

इथे मला आपला आणि त्यांचा फरक जाणवतो. मेसन हे नाव तिकडे गोड वाटते, कारण ते ऐकून कोणाच्या डोळ्यांपुढे विटा आणि थापी येत नाही. आडनावातला व्यवसाय झिजून गेला आणि उरला नुसता नाद. आपल्याकडे मुलाचे नाव 'गवंडी' किंवा 'लोहार' ठेवायची कल्पना करून पाहावी. कोणी आईबाप हे करणार नाहीत, कारण आपल्या आडनावांतला व्यवसाय झिजला असला, तरी जात झिजलेली नाही. आडनाव नाव म्हणून आवडायचे, तर आधी त्याच्या अंगावरचे ओझे उतरावे लागते. परक्या भाषेतले आडनाव आपल्यापर्यंत असे ओझे उतरवूनच येते. वसई, मुंबई, गोव्याच्या ख्रिस्ती समाजात विल्सन, मिल्टन, स्टॅनली ही नावे कधीचीच घरची झाली आहेत. बिलियर्ड्समध्ये १९५८ आणि १९६४ साली जागतिक हौशी विजेतेपद मिळवणारे विल्सन जोन्स जन्माने पुण्याचे. त्या नावातला 'विल' कोण, हे कोणी विचारत नाही.

पण वाडीतल्या एका बौद्ध घरात नेल्सन कुठून आला, याचे उत्तर या इतिहासात नव्हते. ते मला त्याच्या वडिलांकडून मिळाले. हजेरीच्या त्या प्रसंगानंतर वर्षभराने पालकसभेत ते भेटले. निर्माणीत कामगार होते, पहिल्या पाळीतून थेट आले होते. मी चाचरत नावाचा विषय काढला. ते हसले. मुलगा १९९० च्या फेब्रुवारीत झाला. त्याच महिन्याच्या ११ तारखेला नेल्सन मंडेला तुरुंगातून सुटले. "सत्तावीस वर्षं काढली न जी त्यानं आत," ते म्हणाले, "अन् बाहेर आला तं मान ताठ. म्या म्हटलं, पोराले हेच नाव. नाव पुकारलं का ताठ उभं राहून हजर म्हणावं, एवढंच मनात होतं." घरात नावावरून वाद झाला का, असे मी विचारले. आजीला म्हणे ते नीट उच्चारता येत नसे. ती 'नेलसिंग' म्हणे.

नागपूरच्या मातीत हे नाव उपरे नाही. १४ ऑक्टोबर १९५६ च्या दीक्षेनंतर सिद्धार्थ, गौतम, राहुल, मिलिंद, अशोक ही नावे घरोघर आली. लादलेल्या नावांच्या जागी माणसांनी निवडलेली नावे आली. त्याच निवडीच्या ओघात काहींनी समुद्रापलीकडेही पाहिले, आणि त्यालाही परंपरा आहे. १८७३ मध्ये जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' अर्पण केली ती अमेरिकेतल्या गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या माणसांना. १९७२ साली मुंबईत उभ्या राहिलेल्या दलित पँथरने आपले नाव अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरवरून घेतले. मंडेला सुटले त्याच वर्षी भारतात आले आणि त्यांना भारतरत्न दिले गेले. निर्माणीतल्या एका कामगाराने त्याच वर्षी ते नाव घरी आणले.

यात एक गंमत आहे, आणि ती मी नेल्सनला सांगायची ठरवली. मंडेलांचेही ते जन्मनाव नव्हते. वडिलांनी ठेवलेले नाव होते रोलिहलाहला. झाडाची फांदी ओढणारा असा त्याचा शब्दार्थ, आणि बोलीत खोडकर. सात वर्षांचे असताना कुनूच्या शाळेत पहिल्याच दिवशी मिस मडिंगाने या शिक्षिकेने प्रत्येक मुलाला एकेक इंग्रजी नाव दिले. यांच्या वाट्याला नेल्सन आले. हेच का, हे आपल्याला कधी कळले नाही, असे मंडेलांनी आत्मचरित्रात म्हटले आहे. म्हणजे साम्राज्याच्या सेनापतीचे आडनाव साम्राज्याच्याच शाळेत एका काळ्या मुलाला मिळाले, आणि त्याने ते असे वागवले की आज नेल्सन म्हटल्यावर जगाला सेनापती आधी आठवत नाही.

शाळेत नाव मिळण्याच्या आणखी दोन गोष्टी मला या निमित्ताने आठवल्या. पहिली बुकर टी. वॉशिंग्टन यांची. 'एक होता कार्व्हर' वाचलेल्या मराठी वाचकाला ते परिचित आहेत. कार्व्हरना टस्कीगीला बोलावणारे ते हेच. ते गुलामीत जन्मले आणि त्यांना लोक नुसते बुकर म्हणत. शाळेत पहिल्या हजेरीला त्यांच्या लक्षात आले की इतर मुलांना दोन-दोन नावे आहेत. शिक्षकाने पूर्ण नाव विचारताच त्यांनी शांतपणे सांगितले, बुकर वॉशिंग्टन. आडनाव त्यांनी तिथेच, उभ्या उभ्या निवडले. कार्व्हर यांचे आडनाव तर मालकाचे, मोझेस कार्व्हरचे.

दुसरी गोष्ट आपल्या घरातली. भिवा रामजी यांचे घराणे सकपाळांचे, गाव मंडणगडजवळचे आंबडवे, म्हणून आंबडवेकर. साताऱ्याच्या शाळेतल्या आंबेडकर आडनावाच्या एका शिक्षकाचा या विद्यार्थ्यावर जीव होता आणि त्याने आपले आडनाव त्याला दिले, अशी आठवण सांगितली जाते. त्या शाळेत ते ७ नोव्हेंबर १९०० रोजी दाखल झाले, आणि तो दिवस आज महाराष्ट्रात विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. मडिंगाने बाईंनी नाव दिले ते रीत म्हणून, साताऱ्याच्या शिक्षकाने दिले ते मायेने, आणि वॉशिंग्टन यांच्या शिक्षकाने काहीच दिले नाही, फक्त विचारले आणि सांगितले ते लिहून घेतले. हजेरीपट हातात धरणाऱ्याला किती काही करता येते, हे या तिघांवरून दिसते. मी काय केले होते, ते वर सांगितलेच आहे.

दोन दिवसांनी मी नेल्सनला फोन केला. नीलचा मुलगा हा अर्थ सांगितला. तो हसून म्हणाला, "पण माझ्या बाबांचं नाव नील नाही." मी म्हटले, ते जगातल्या बहुतेक नेल्सनांच्या बाबतीत खरे आहे. मग सेनापती, मंडेला, मडिंगाने बाई हे सगळे सांगितले. शेवटी त्या हजेरीबद्दल बोलले. इतक्या वर्षांत बोलले नव्हते. "तुला आठवत नसेल," अशी सुरुवात केली. तो म्हणाला, "आठवतं मॅडम. पण तेव्हा सगळेच विचारायचे. तुम्ही निदान पुढच्या दिवसापासून नाव नीट घ्यायला लागलात." हे त्याने मला सांभाळून घेण्यासाठी म्हटले असावे. मी माफी मागितली. त्यावर तो काही बोलला नाही. मुलाला हाक मारून वही आणायला सांगितली.

संध्याकाळी त्याने वहीच्या पानाचा फोटो पाठवला. तिसरीतल्या मोठ्या, वाकड्या अक्षरांत चार नावे आणि चार अर्थ. मुलाने नील आणि सेनापती दोघांनाही वगळले होते. बाबांच्या नावापुढे त्याने लिहिले होते: हे नाव आजोबांनी ठेवले. नेल्सन म्हणजे सत्तावीस वर्षे तुरुंगात राहूनही न वाकलेला माणूस.

शाळेच्या बाईंनी त्याखाली लाल शाईने बरोबरची खूण केली आहे.